मामांचीच सही, पण चित्र मामांचं नाही

मामा शाळेत चित्रकला शिकवायचे. निवृत्तीनंतर रोज सकाळी रामकुंड ते नारोशंकराचं देऊळ या पट्ट्यात कुठेतरी बोर्ड मांडीवर घेऊन बसायचे. पुढे मामी गेल्या, मोतीबिंदू झाला, हात कापायला लागला. पंचवटीतल्या दोन खोल्यांत एकटे. आम्ही कॉलेज रोडला, महिन्यातून एकदा डोकावायचो. चूक तिथेच झाली.

'मी सरांचा विद्यार्थी' म्हणत तो घरात शिरला. वाकून नमस्कार, येताना चिवड्याचा पुडा. मुंबईत प्रदर्शन लावतो म्हणून ४१ चित्रं नेली, वर फ्रेमिंगचे म्हणून साठ हजार. पावती म्हणजे वहीच्या पानावर 'चित्रे मिळाली'. किती, कोणती, काही नाही.

प्रदर्शन झालंच नाही. वर्षभराने गंगापूर रोडच्या एका हॉटेलात भिंतीवर गोदाघाट दिसला, खाली मामांची सही. फोटो काढून नेला. मामांनी भिंगातून बराच वेळ पाहिला.

"देवळाला पांढरा रंग फासलाय."

मामा पांढऱ्याची ट्यूब कधी उघडत नसत. पांढरं हवं तिथे कागद कोरा सोडायचे.

"म्हणजे सही खोटी?"

"सही माझीच आहे गं."

'हात अजून चालतोय तोवर सह्या करून ठेवा, चित्रं सावकाश काढा,' असं गोड बोलून त्याने कोऱ्या ड्रॉइंग पेपरांचा गठ्ठाच मामांकडून सही करवून नेला होता. शिवाय इंग्रजीतला एक स्टॅम्पपेपर, 'सर्व हक्क' दिल्याचा. मामांनी तो वाचलाही नव्हता.

वकीलबाई म्हणाल्या, चित्र विकलं म्हणून कॉपीराइट जात नाही, त्यासाठी वेगळं लेखी द्यावं लागतं. नेमकं तेच मामांनी दिलेलं. कागदावर मुदत नसल्याने १९५७ च्या कायद्याप्रमाणे ती ५ वर्षं धरतात, एवढाच दिलासा. आणि हक्क दिले तरी 'हे चित्र माझं' म्हणायचा अधिकार कलम ५७ प्रमाणे चित्रकाराकडेच राहतो.

"आणि माझं नाही ते माझं नाही म्हणायला?" मामांनी विचारलं.

त्यासाठी पोलिसांत फसवणुकीची तक्रार दिली. त्यांनी मूळ चित्रांचे फोटो मागितले. नऊच निघाले, तेही माझ्या मुलीने शाळेच्या प्रोजेक्टसाठी काढलेले. तुमच्या घरी कुणी म्हातारा चित्रकार असेल तर आजच प्रत्येक चित्राचा पुढून-मागून फोटो काढा, मापं लिहा, आणि कोऱ्या कागदावर सही करू देऊ नका. कुणाशी बोलावंसं वाटलं तर ज्येष्ठांसाठी १४५६७ ही हेल्पलाइन आहे.

उरलेल्या ३२ चित्रांची यादी मामा आठवून सांगतात, मी लिहिते. माप, घाट, ऊन कुठल्या बाजूचं. काल सतराव्यापर्यंत आलो.