लिबसीईएफ डॉट डीएलएल सापडत नाही? ती शोधायला नेटवर जाऊ नका

माझे ६०,०१० रुपये गेले. आधी १,१८०, मग ८,८५० आणि शेवटी २४,९९० दोनदा. ज्या फाइलपायी गेले ती फाइल जगात कुणी विकत नाही, विकत घ्यावीही लागत नाही. डीटीपी, अकाउंटिंग, डिझाइन, व्हिडिओ एडिटिंग, कॉम्प्युटरवर कसलंही काम करत असाल तर हे वाचा.

रिमोटवर कॉम्प्युटर घेऊन पैसे उडवतात हे तुम्हाला माहीत आहे, मलाही माहीत होतं. केवायसीवाले, वीजबिलवाले, कुरिअरवाले, सगळ्यांचे फोन मी कापलेले आहेत. पण हे त्या वाटेने आलेच नाहीत. मला कुणी फोन केला नव्हता. माझं काम अडलं होतं, मी उपाय शोधत गेले, आणि उपायाच्या जागीच ही माणसं दबा धरून बसलेली होती.

नारायण पेठेत माझं डीटीपीचं दुकान आहे. दिवाळी अंकांचे दिवस म्हणजे आमच्याकडे मान वर करायला फुरसत नसते. एका अंकाचे शेवटचे फॉर्म त्याच दिवशी प्रेसला जायचे होते, जाहिरातींची पानं अजून जुळायची होती, आणि पानं लावायचं सॉफ्टवेअर उघडायला गेले तर मधोमध चौकट आली. इंग्रजीत दोन वाक्यं. पहिलं: लिबसीईएफ डॉट डीएलएल (libcef.dll) ही फाइल सापडत नाही, त्यामुळे प्रोग्रॅम पुढे चालू शकत नाही. डीएलएल म्हणजे प्रोग्रॅमला चालायला लागणारा, वेगळ्या फाइलीत ठेवलेला एक भाग. दुसरं: प्रोग्रॅम पुन्हा इन्स्टॉल केल्यास अडचण दूर होऊ शकते.

उपाय तिथेच लिहिलेला होता. फुकटचा. ते दुसरं वाक्य आठवलं की आजही जीव जळतो. पण मला सांगा, ते वाचतं कोण? वर्षानुवर्षं त्या चौकटी बघून डोळ्यांना सवय झालेली असते, नजर थेट फाइलच्या नावावर जाते, कारण नवीन तेवढंच असतं. आणि वाचलं असतं तरी, अंक अर्धा जुळलेला असताना सॉफ्टवेअर काढून परत टाकायचं? फॉन्टच्या सेटिंगचं काय, की-बोर्डच्या लेआउटचं काय, स्टाइल्सचं काय? ऐन दिवाळीच्या तोंडावर माझ्या जागी कुणीही कचरलंच असतं.

फाइलचं नाव जसंच्या तसं शोधलं. सगळ्यात वर जे आलं ती जाहिरात होती. बाजूला बारीक अक्षरात तसं लिहिलेलं असतं, ते बघत जा. पान अगदी व्यवस्थित. ३२ बिट, ६४ बिट असे दोन रकाने, आवृत्त्यांचे लांबलचक आकडे, खाली हिरवं बटण. दाबलं, झिप उतरली. साडेतीन एमबी.

इथे. नेमकं इथे कळायला हवं होतं. खरी लिबसीईएफ हल्ली शंभर एमबीच्या कितीतरी पुढे असते. का, ते मला नंतर तपकीर गल्लीतल्या एका दुरुस्तीवाल्या मुलाने समजावलं. आपल्या सॉफ्टवेअरमध्ये लॉग-इनची खिडकी असते, मदतीचं पान असतं, टेम्प्लेट दाखवणारी पट्टी असते. ती खरं तर वेबपेजं असतात, आणि ती दाखवायला सॉफ्टवेअरच्या पोटात एक अख्खा ब्राउझर बसवलेला असतो. गूगलच्या क्रोमियमवरून तो बनवतात. त्या प्रकल्पाचं नाव क्रोमियम एम्बेडेड फ्रेमवर्क, म्हणून सीईएफ. मार्शल ग्रीनब्लॅट यांनी २००८ साली तो सुरू केला. ओपन सोर्स आहे, म्हणजे सॉफ्टवेअर बनवणाऱ्यांनाही त्याचे पैसे पडत नाहीत. स्पॉटिफायमध्ये तो आहे, स्टीममध्ये आहे, अडोबीच्या प्रोग्रॅममध्येही आहे. अख्खा ब्राउझर साडेतीन एमबीत कसा मावेल?

मी रोज फाइलींच्या आकारावरच काम करते. छपाईला दिलेला फोटो दोनशे केबीचा निघाला तर मी तो उघडायच्या आधीच गिऱ्हाइकाला परत धाडते. तो साडेतीनचा आकडा मी डोळ्यांनी पाहिला होता. पण डीएलएल केवढी असावी हे आम्हाला कुणी कधी सांगितलंय? कुठल्या क्लासमध्ये शिकवतात? उलट लहान आहे, चटकन उतरली, असंच वाटलं.

त्या पानावर लिहिलं होतं, फाइल सिस्टिम३२ या विंडोजच्या फोल्डरमध्ये टाका आणि कमांड देऊन रजिस्टर करा, म्हणजे विंडोजकडे तिची नोंद करा. दोन्ही गोष्टी चूक, आणि जाणूनबुजून चूक. ही फाइल विंडोजच्या फोल्डरमध्ये नसतेच, ज्या त्या सॉफ्टवेअरच्या स्वतःच्या फोल्डरमध्ये असते. शेजारी आयसीयूडीटीएल डॉट डॅट, रिसोर्सेस डॉट पॅक, लोकेल्स नावाचं फोल्डर, असा तिचा सगळा गोतावळा असतो, आणि सगळे एकाच आवृत्तीचे लागतात. एका सॉफ्टवेअरची लिबसीईएफ उचलून दुसऱ्यात टाकली तर बहुतेक वेळा ते उघडतच नाही. आणि रजिस्टर करायचं म्हणाल तर ती त्या जातीची डीएलएलच नाही, कमांड दिली की एरर येणारच. त्यांना तो एररच हवा असतो. एरर आला, मी त्या पानावर परत गेले, तर तिथे 'आपोआप दुरुस्ती' करणारा प्रोग्रॅम हजर होता. त्याने कॉम्प्युटर तपासला, लाल अक्षरात शेकडो दोष दाखवले, आणि दुरुस्तीसाठी १,००० रुपये अधिक जीएसटी, म्हणजे १,१८० मागितले. जीएसटी लावलेला बघून मला ते रीतसर वाटलं. कुणालाही वाटेल. हजार रुपयांत अंक सुटत असेल तर कोण विचार करत बसतं? भरले.

पैसे गेल्याबरोबर 'गंभीर धोका' अशी पडदाभर खिडकी आली आणि तिच्यात फोन नंबर. खिडकीत फोन नंबर दिसला की आधी वायफाय बंद करा. खरा विंडोजचा कुठलाही इशारा तुम्हाला फोन करायला सांगत नाही. मायक्रोसॉफ्टने हे स्वतः लिहून ठेवलं आहे, पण ते वाचायची वेळ अशा वेळी कुठे येते!

फोनवरचा माणूस हिंदी-इंग्रजी मिसळून अतिशय अदबीने बोलत होता. "मॅडम, आपका लायसन्स करप्ट हो गया है." पावतीचा नंबर त्याने आधी सांगितला, मी सांगायच्या आत. म्हणून विश्वास बसला. रिमोटचं ॲप टाकायला लावलं, मग तीन वर्षांच्या देखभालीचे साडेसात हजार अधिक जीएसटी, ८,८५०. ते मी नेटबँकिंगने भरले, त्याच्या डोळ्यांदेखत. मग पडदा निळा झाला. 'अपडेट चालू आहे, कॉम्प्युटर बंद करू नका.' त्या निळ्या पडद्यामागे माझं उघडं नेटबँकिंग त्याच्या हातात होतं, आणि तो मला फोनवर प्रिंटर कुठला आहे, अँटिव्हायरस कुठला आहे असं विचारत गुंतवून ठेवत होता.

आता हे नीट वाचा, कारण बँकेने मला याच्यावरूनच गुन्हेगार ठरवलं. मी ओटीपी कुणालाही सांगितला नाही. एक आकडाही नाही. गिऱ्हाइकं प्रुफातल्या दुरुस्त्या मेसेजवर पाठवतात, त्या टाइप करायला सोप्या जाव्यात म्हणून मोबाइलचे मेसेज कॉम्प्युटरवर दिसायची सोय मी लावून ठेवली होती. खूप जणांनी लावलेली असते. मोबाइल माझ्या कानाला होता आणि ओटीपी त्याच्यासमोर उमटत होते. फोन ठेवला तेव्हा मेसेज पाहिले: २४,९९० वजा, पुन्हा २४,९९० वजा. तुमच्याकडे अशी सोय चालू असेल तर आजच्या आज ती तोडा, निदान ज्या कॉम्प्युटरवर बँकेचं काम करता तिथे तरी.

राउटरची वायर उपटली आणि बँकेला फोन लावला. मराठीसाठी एक दाबा, कार्डसाठी दोन दाबा, शिल्लक ऐकण्यासाठी तीन दाबा. चोरी झाली आहे यासाठी पहिल्या यादीत बटण नव्हतं. माणूस लाइनवर येईपर्यंत माझे हात थरथरत होते. खातं बंद केलं, पण तक्रार नोंदवताना तो म्हणाला, "मॅडम, ओटीपी बरोबर पडलाय, म्हणजे तुम्हीच शेअर केला असणार." शाखेत गेले तर तेच वाक्य. व्यवस्थापकांनी खुर्चीही दिली नाही. "लेखी द्या, वर पाठवतो." वर म्हणजे कुठे, ते सांगेनात.

रिझर्व्ह बँकेचं ६ जुलै २०१७ चं परिपत्रक आहे. ग्राहकाच्या परवानगीशिवाय झालेल्या ऑनलाइन व्यवहारांबद्दल. ग्राहकाची चूक आहे हे सिद्ध करायची जबाबदारी बँकेची, असं त्यात स्पष्ट आहे. मी त्याची छापील प्रत घेऊन गेले. बँकेतल्या माणसाने ती वाचलीसुद्धा नाही, माझ्या हातात परत दिली आणि म्हणाला, "हे आम्हाला माहीत आहे." माहीत असेल तर लावा ना! मी निष्काळजी होते हे दाखवा, लॉग दाखवा, कुठल्या ठिकाणाहून लॉग-इन झालं ते दाखवा. काही नाही. उत्तर छापील आलं: ओटीपीने पडताळणी झाल्यामुळे दावा नामंजूर. तुम्ही बँकेत जाल तर तोंडी काहीही ऐकून घेऊ नका. अर्जावर पोच घ्या, तारीख आणि शिक्क्यासकट. पहिल्या तीन कामाच्या दिवसांच्या आत कळवल्याचा पुरावा त्या परिपत्रकात फार महत्त्वाचा आहे.

१९३० या सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनवर तक्रार मी लगेच केली होती, तिचा क्रमांक मिळाला होता. तो घेऊन पोलीस ठाण्यात गेले. दुकान पेठेत, घर कोथरूडला, बँकेची शाखा तिसरीकडे. एकाने विचारलं राहता कुठे, दुसऱ्याने विचारलं खातं कुठे. इथून तिथे, तिथून इथे. हद्दीचा प्रश्न! भारतीय नागरिक सुरक्षा संहिता १ जुलै २०२४ पासून लागू आहे, तिच्या कलम १७३ मध्ये हद्द न बघता गुन्हा नोंदवून घ्यायची तरतूद आहे. झिरो एफआयआर म्हणतात त्याला. हे मी, पानं लावणारी बाई, त्यांना सांगत होते. हवालदार म्हणाले, "ताई, अर्ज द्या, चौकशी करून बघू." मी गुन्हा नोंदवा म्हणत राहिले, ते अर्ज म्हणत राहिले. अर्ज लिहून घेताना डीएलएल या शब्दाशी अडले आणि लिहिलं 'डीएल हरवले'. मी कागद उलटा वाचला म्हणून कळलं. नाहीतर माझी तक्रार वाहन परवाना हरवल्याची झाली असती. दुरुस्त करून घेतलं तर साहेब वैतागले, "शब्दाने काय फरक पडतो?" पडतो. माहिती तंत्रज्ञान कायद्याच्या कलम ६६ ड मध्ये कॉम्प्युटर वापरून तोतयेगिरीने फसवलं तर तीन वर्षांपर्यंत शिक्षा आहे, पण अर्जात भलतंच लिहिलं तर ते कलम लागणार कशाला?

त्या सगळ्या रकमेपैकी ११,२०० रुपये कुठल्याशा खात्यात गोठवलेत असं कळलंय. ते सोडवायला कोर्टाचा आदेश आणा म्हणाले. कोर्टात जायला आधी गुन्ह्याची नोंद हवी. आणि नोंदीच्या जागी माझ्याकडे अर्जाची पोच आहे. हे चक्र कुणी तोडायचं?

अंक उशिरा गेला तो गेलाच. तपकीर गल्लीतल्या मुलाने मशीन पुसून सगळं नव्याने टाकलं, ८०० रुपये घेतले. पण त्याआधी अँटिव्हायरस उघडून त्याने मला दाखवलं. आदल्या रात्रीच्या अपडेटनंतर अँटिव्हायरसनेच माझी मूळ लिबसीईएफ संशयित ठरवून क्वारंटाइनमध्ये, म्हणजे बाजूला कोंडून टाकली होती. तारीख, वेळ, जुना पत्ता, सगळं त्या यादीत होतं. फाइल कॉम्प्युटरवरच होती. "काकू, हे आधी बघायचं, आणि इथे नसेल तर कंपनीच्याच साइटवरून सॉफ्टवेअर परत टाकायचं. सुटी डीएलएल कुठूनच घ्यायची नाही." तशी उतरवलेली असेल आणि शंका असेल तर फाइलवर उजवं क्लिक करून प्रॉपर्टीजमध्ये डिजिटल सही आहे का बघा, व्हायरसटोटल या फाइली तपासणाऱ्या साइटवर टाकून बघा, पण चालवू नका. एमएसव्हीसीपी, व्हीसीरनटाइम अशा नावांच्या फाइलींसाठीही हेच सापळे असतात. त्या मायक्रोसॉफ्टच्या साइटवर फुकट पॅकेजमध्ये मिळतात.

बँकेचा नकार लेखी आला आहे, म्हणून आता रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे तक्रार टाकली आहे. ती ऑनलाइन होते आणि फी नाही. बँकेने नाकारल्याचं पत्र किंवा तक्रारीला तीस दिवस होऊनही उत्तर न आल्याचा पुरावा लागतो, तेवढा जपून ठेवा. माझ्याकडे चारही व्यवहारांचे मेसेज, त्या खिडकीचा नंबरासकट फोटो, जीएसटीची खोटी पावती आणि ती साडेतीन एमबीची झिप पेनड्राइव्हवर आहे. पोलीस ठाण्यात अजून कुणी तो पेनड्राइव्ह मागितलेला नाही.