वादपत्र नाकारण्याच्या अर्जाचा तयार नमुना: तीन तारे

वादपत्र म्हणजे वादीने दावा लावताना दिलेले लेखी म्हणणे; ते सुरुवातीलाच नाकारा, अशी विनंती प्रतिवादी या अर्जात करतो. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 7 नियम 11 खालच्या या अर्जाची मांडणी सुटसुटीत आहे. दाव्याचे कारण नसणे, कमी मूल्यांकन, अपुरा स्टँप (कोर्ट फी), कायद्याची बाधा (कायद्यानेच दावा चालू न शकणे), सगळे मुद्दे आहेत. पण पाचव्या परिच्छेदात प्रतिवादीची कैफियत (दाव्याला त्याचे लेखी उत्तर) घुसडली आहे आणि अर्ज तिथेच पडतो. या टप्प्यावर कोर्ट फक्त वादपत्र व त्यासोबतची कागदपत्रे वाचते. मुदतबाह्यतासुद्धा (दावा मुदत संपल्यावर लावलेला असणे) वादपत्रातल्या तारखांवरूनच दिसायला हवी. पुरावा लागणार असेल तर अर्ज नामंजूरच. स्टँप कमी असल्यास आधी भरायला वेळ मिळतो, याचा उल्लेखच नाही. ‘निम्मी मागणी फेटाळावी’ ही विनंती खोडा. वादपत्र नाकारले तर अख्खे. याच आदेशाच्या नियम 13 मुळे वादी त्याच कारणावर नवा दावा लावू शकतो, हे पक्षकाराला आधीच सांगा.