मोडी फेरफार वाचून घेतले, पैसे वसूल

जुने फेरफार (जमीन कोणाकडून कोणाच्या नावावर गेली त्याच्या नोंदी) आणि जन्म-मृत्यूच्या नोंदी मोडीतून देवनागरीत करून देणाऱ्या एका काकांकडे काम दिलं होतं, त्याचा रिव्ह्यू टाकतोय. आधी एक क्लिअर करतो, वंशावळीसाठी जनगणनेच्या मागे लागू नका. आपल्याकडे 1872 पासून जनगणना आहे पण तेव्हाचे घरोघरचे नावांचे कागद जपलेच नाहीत, आकडे तेवढे उरलेत. पणजोबा सापडतात ते शेतसाऱ्याच्या दप्तरात, कारण वसुली करायची तर सरकारला नाव लागणारच ना!

काकांचं काम एक नंबर. नुसतं उतरवून देत नाहीत, समजावतात पण. एका फेरफारात पणजोबांच्या नावापुढे 'अ.पा.क.' आणि मग त्यांच्या आईचं नाव होतं, म्हणजे अज्ञान पालन कर्ता, वडील वारलेले आणि पोरगा अजून सज्ञान नाही, हे मला सात जन्मात कळलं नसतं. मग त्यांनीच सांगितलं जुना गाव नमुना 14, म्हणजे गावची जन्म-मृत्यूची नोंदवही काढा, आणि त्यात खापरपणजोबांच्या मृत्यूची तारीख मिळाली.

फाटलेल्या जागी अंदाजाने नाव ठोकून देत नाहीत, सरळ 'वाचत नाही' लिहितात, हे लय आवडलं.

बाकी फोन उचलायचा कंटाळा फार. रेट पानावर आहे पण गिचमिड अक्षराला जादा घेतात, ते आधीच विचारून घ्या. आणि व्हॉट्सअ‍ॅपवर फोटो डॉक्युमेंट म्हणून पाठवा, नाहीतर धुरकट येतो म्हणून परत मागतात.