सॅलड स्पिनर: घोळाण्यासाठी घेतला, लई कामाला आला
येळवशीला (वेळ अमावस्येला) आमच्याकडं लातूरला शेतात पंचवीस-तीस माणसं असतात, भज्जी-आंबील तर असतीच पण सगळ्यांना सोबत कुरकुरीत मेथीचा घोळाणा (कच्च्या पाल्याची कोशिंबीर) लागतो. दरवेळी धुतलेली मेथी ओलीच राहायची अन् सगळं पचपचीत व्हायचं, म्हणून यावेळी हा पाच लिटरचा स्पिनर मागवला. आतली जाळी गरगर फिरती अन् पानावरचं पाणी बाहेर फेकलं जातं, मेथी, कांद्याची पात, कोथिंबीर एकदम कोरडी!! मीठ मात्र वाढतानाच टाका, आधी टाकलं की काकडीला पाणी सुटतंच. शेंगदाण्याचं कूट, हिरवी मिरची, वरून कच्चं करडीचं तेल, आत्यानं दोनदा मागून घेतला. जाळी गच्च भरू नका, दोन-तीनदा थोडं थोडं करा. झाकणाचं हँडल जरा नाजूक वाटतंय म्हणून चार स्टार.