कादंबरी चालू असताना रंगवायचं तर ऑइल की वॉटरकलर?

कादंबरी अर्ध्यावर आलीय, रंगवायचीही सवय आहे, आणि दोन्ही एकदम चालवायचंय अशा माणसासाठी हे लिहितोय. पिगमेंट, बाइंडर, कागदाचं वजन वगैरे तुम्हाला माहीतच असणार, ते सोडून देतो. अ‍ॅक्रिलिक पण सोडतो, मला ते कधी जमलंच नाही, पॅलेटवरच वाळून जायचं, त्यामुळे त्याबद्दल माझं मत धरू नका.

मी नऊ वर्षं ऑइलमध्ये काढली, त्यातच दोन कादंबऱ्या लिहिल्या (दुसरी कशीबशी), आणि आता चार वर्षं वॉटरकलर आणि शाई. म्हणजे कल कुठे आहे ते कळलंच असेल, पण ऑइलवर अन्याय करायचा नाहीये.

कारण खरं सांगायचं तर ऑइलचा स्वभावच कादंबरीचा आहे. आज लावलेला थर उद्याही ओला असतो, नाही पटलं तर पॅलेट नाइफने (रंगाच्या बोथट सुरीने) खरवडा, परत लावा, चार दिवस भिंतीकडे तोंड करून ठेवा आणि मग नव्याने बघा. खर्ड्यावर खर्डे करणाऱ्याला हे अगदी घरचं वाटतं. वॉटरकलरमध्ये एकदा वॉश (पाण्यात पातळ केलेल्या रंगाचा हात) बिघडला की बिघडला, चोळत बसलात तर कागदाला लव सुटते आणि रंग मातकट होतो. पहिलं वर्षभर मी नुसते कागद फाडत होतो, आणि त्या वर्षात कोणी विचारलं असतं तर ऑइलच घ्या म्हणालो असतो.

पण त्या सारखेपणातच घोळ आहे. ऑइल सुरू केलं की दुसरी कादंबरीच सुरू होते हो. रात्री पडल्या पडल्या प्रकरणातल्या माणसाचा विचार करायचा, तर डोक्यात कॅनव्हासच्या डाव्या कोपऱ्यातली सावली.

तरी ते मी सहन केलं असतं. मला खरा त्रास झाला तो हातांचा. हसू येईल, पण तेच.

एका दुपारी खुर्ची रंगवत होतो. कादंबरीतला भाऊ बारा वर्षांनी परत येतो तेव्हा बहीण त्याला पहिल्यांदा काय म्हणते, यावर तीन आठवडे अडलो होतो, आणि ती नेमकी तेव्हा बोलली. दोन्ही हातांना कोबाल्ट ब्लू आणि बर्न्ट अंबर. मग चिंधी, टर्पेंटाइन, साबण, नखांतला रंग, सात-आठ मिनिटं तरी गेली असतील, आणि टेबलाशी आलो तर मतलब तेवढा उरला होता, तिची बोलायची ढब गेली होती. ते वाक्य छापील पुस्तकात अजून मला लंगडं वाटतं. पुढच्या वेळी शहाणपणा करून तसल्याच हातांनी पेन उचललं, तर पानावर अंबरचा अंगठा उमटला आणि त्याभोवती तेलाचं पिवळट कडं, ते खालच्या तीन पानांत उतरलं. त्या कड्यावर शाई धरत नाही, शब्द मधेच तुटतो. शिवाय लिहायच्या खोलीत टर्पेंटाइनचा वास, आणि कादंबरीने दोन महिने ओढून नेलं की ट्यूबची झाकणं पकडीशिवाय उघडत नाहीत.

वॉटरकलरमध्ये ब्रश पाण्यात टाकायचा, बोट पँटला पुसायचं, पेन घ्यायचं. झालं. तेवढ्यात वॉश वाळतो आणि कडा कडक होतात, चित्र बरेचदा वाया जातं, हे लपवत नाही. पण कागद गेला तर मला चालतं, वाक्य गेलेलं चालत नाही. तुमचं उलटं असेल तर पुढचं फार मनावर घेऊ नका.

मोठ्यांची उदाहरणं देऊन काही सिद्ध होत नाही, पण मला धीर आला तो त्यांच्यामुळेच. टागोरांचं चित्र वाढलं ते हस्तलिखितातल्या खाडाखोडीतून. 1924 च्या सुमारास 'पूरबी' या कवितासंग्रहाच्या वहीत खोडलेल्या ओळी एकमेकींना जोडता जोडता पक्षी, प्राणी, चेहरे व्हायला लागले, आणि 1930 मध्ये पॅरिसला प्रदर्शन. 'गोरा' लिहिणारा माणूस साठी उलटल्यावर चित्रकार झाला तो लिहायच्या टेबलावरच. जर्मन भाषेतला कादंबरीकार हेर्मान हेसे चाळिशीच्या आसपास पहिल्या महायुद्धाच्या काळात रंगांकडे वळला, 1919 मध्ये स्वित्झर्लंडच्या दक्षिणेला मोंटान्योलाला राहायला गेला आणि तिथली घरं-टेकड्या छोट्या छोट्या वॉटरकलरमध्ये करत राहिला, कादंबऱ्या चालूच. कविता हाताने लिहून त्यावर चित्रं काढलेली हस्तलिखितं विकून त्याने पैसेही केले.

याउलट स्वीडिश नाटककार-कादंबरीकार स्ट्रिंडबर्ग. ऑइल, तेही पॅलेट नाइफने थापलेलं, वादळी समुद्र आणि ढग, जबरदस्त काम. पण तो मुख्यतः लिखाण अडलं की रंगवायचा, 1890 च्या दशकाच्या सुरुवातीला आणि मग नवं शतक लागल्यावर परत, मधे बरीच वर्षं जवळपास काहीच नाही. मला वाटतं, चूक असेन कदाचित, ऑइल असंच मागतं, एक बंद करा मग या.

मानाचं म्हणाल तर ऑइल पुढे, यात वाद नाही. काचेमागचं वॉटरकलर बघून लोक 'छंद छान जोपासलाय' म्हणतात. पण तुमच्या नावावर कादंबऱ्या असल्या की ऑइललाही तेच म्हणतात, अनुभव आहे.

तेव्हा वेगळी खोली असेल, दोन कादंबऱ्यांमध्ये वर्ष-दीड वर्ष मोकळं जात असेल, तर बिनधास्त ऑइल घ्या. लिहायच्या टेबलावरच रंगवणार असाल तर मी आपला छोटा पॅन-बॉक्स (सुक्या रंगाच्या वड्यांची डबी), एक जाड ब्रश आणि वॉटरप्रूफ शाई म्हणेन, आणि पाण्याची वाटी वहीच्या डावीकडे नको, मी दोनदा उपडी केलीय.

ती खुर्ची अजून कपाटामागे आहे. पाय रंगवायचे राहिलेत.