साल्मोनेला: शौचाचं कल्चर की पीसीआर?

जुलाब घडवणारा साल्मोनेला हा जंतू शोधायला डॉक्टरांनी दोन्ही पर्याय सांगितले की घरचे गोंधळतात: कल्चर, म्हणजे नमुन्यातला जंतू प्रयोगशाळेत वाढवून पाहणं, आणि पीसीआर, म्हणजे नमुन्यात त्याचा डीएनए शोधणं.

वेळेत पीसीआर सरळ पुढे. जंतूचा डीएनए काही तासांत सापडतो. कल्चरला २ ते ३ दिवस, कधी जास्तही. एक्सएलडी माध्यमावर (जंतू वाढवायचा एक पोषक थर) लालसर वसाहती, म्हणजे जंतूंचे पुंजके, उगवतात, त्यांच्या मध्यभागी काळा ठिपका; तो जंतूने तयार केलेल्या हायड्रोजन सल्फाइडमुळे पडतो. त्यानंतरही ओळख पक्की करावीच लागते. खर्चात मात्र कल्चर साधारणपणे स्वस्त.

खरा फरक पुढे आहे. पीसीआरला मेलेल्या जंतूचा डीएनएही चालतो, त्यामुळे बरं झाल्यावरही अहवाल पॉझिटिव्ह येऊ शकतो. आणि कोणतं प्रतिजैविक लागू पडेल, हे कळायला जिवंत जंतूच हवा. उलट, आधीच प्रतिजैविक सुरू असेल तर कल्चर फसवं निगेटिव्ह येऊ शकतं. म्हणून नमुना औषधाआधी द्या (हे सांगायचं बऱ्याचदा राहून जातं).

जुलाबाचं कारण पटकन हवं असेल तर पीसीआर. आजार गंभीर असेल, औषध निवडायचं असेल किंवा साथीचा माग काढायचा असेल तर कल्चर हवंच. पीसीआर पॉझिटिव्ह आल्यावरही. टायफॉइडचा (तोही साल्मोनेलाच्याच एका प्रकारामुळे होतो) संशय असेल तर आधी रक्ताचं कल्चर.