डॉसबॉक्स, नऊ महिन्यांनंतर: आणि २२०-५-१ ची चिठ्ठी

सांगलीच्या घराचा माळा आवरताना पत्र्याच्या डब्यात अकरा फ्लॉप्या सापडल्या. फ्लॉप्या आतेभावाच्या, म्हणजे दादाच्या. १९९७-९८ च्या सुमारास आमच्या गल्लीत त्याच्या एकट्याकडे कॉम्प्युटर होता आणि मे महिन्याच्या सुट्टीत आम्हा चार पोरांना पाळीपाळीने पंधरा-पंधरा मिनिटं मिळायची. लेबलांवर त्याच्या तिरक्या अक्षरात खेळांची नावं: ‘प्रिन्स’ (म्हणजे प्रिन्स ऑफ पर्शिया), ‘डेव्ह’, ‘साप’, ‘विमान’, ‘कोडं, हात लावू नये’. विमानाच्या फ्लॉपीला रबरबँडने एक चिठ्ठी बांधलेली, तिच्यावर फक्त तीन आकडे: २२०-५-१. या चिठ्ठीने पुढे माझा एक अख्खा रविवार खाल्ला.

यूएसबीवाला फ्लॉपी ड्राइव्ह ऑफिसच्या कपाटात धूळ खात होता, तो मागून आणला. अकरापैकी आठ फ्लॉप्या वाचल्या गेल्या, तेच नवल. फाइली लॅपटॉपवर घेतल्या, प्रिन्सवर दोनदा क्लिक केलं, तर विंडोज म्हणालं की हे ॲप या पीसीवर चालणार नाही. बिघडलेलं काहीच नव्हतं. हे खेळ डॉसचे, म्हणजे विंडोजच्या आधीच्या ऑपरेटिंग सिस्टीमचे, आणि ६४ बिटांच्या विंडोजमध्ये १६ बिटांचे डॉसचे प्रोग्रॅम चालवायची सोयच ठेवलेली नाही. कम्पॅटिबिलिटीच्या खिडकीत एकेका खुणेला टिक करत मी तासभर घालवला. तुम्ही घालवू नका, तिथे उत्तर नाही.

उत्तर डॉसबॉक्समध्ये आहे. हा प्रोग्रॅम २००२ पासून फुकट मिळतो, आणि त्याचा इन्स्टॉलर मोबाइलवरच्या एखाद्या फोटोपेक्षा लहान आहे. तो विंडोजच्या आत एक आख्खं जुनं मशीन उभं करतो: त्या काळचा प्रोसेसर, त्या काळची मेमरी, आवाजाचं साउंड ब्लास्टर कार्डसुद्धा. मी ०.७४-३ ही २०१९ ची आवृत्ती घेतली. आता नऊ महिने झाले. गेम लोड न होण्याचे जेवढे प्रकार असू शकतात, त्यातले बरेचसे मी या काळात स्वतःच्या हाताने करून पाहिले आहेत.

पहिला प्रकार तर सांगायलाही लाज वाटते. फोल्डरचं नाव मी हौसेने देवनागरीत ‘जुने खेळ’ ठेवलं होतं. डॉसबॉक्स उघडला की काळा पडदा येतो. तिथे आधी ‘माउंट सी’ म्हणून आपल्या फोल्डरचा पत्ता द्यायचा, म्हणजे ते फोल्डर त्या जुन्या मशीनची सी ड्राइव्ह होतं. त्या पडद्यावर देवनागरी टाइप कशी करणार? मग घाईत सगळी सी ड्राइव्हच माउंट केली, तर त्याने तसं करू नका म्हणून बजावलं, आणि ते योग्यच आहे. साधं इंग्रजी नाव द्या, आठ अक्षरांच्या आत, मधे जागा न सोडता. डॉसला आठ अक्षरं आणि टिंबापुढे तीन एवढंच कळतं. लांब नाव दिलंत तर ते कापून पुढे नागमोडी रेघ आणि एक लावतो, आणि आपण ‘फाइल नाही’ हा निरोप वाचत बसतो.

त्याचाच भाऊ म्हणजे डेव्हचा किस्सा. एक फाइल कॉपी करायची राहिली होती. डॉसबॉक्स उघडा ठेवूनच ती फोल्डरमध्ये टाकली, तरी गेम म्हणे फाइल नाही. डोळ्यांसमोर फाइल दिसतेय आणि हा नाही म्हणतोय! डॉसबॉक्स फोल्डरची यादी एकदाच वाचून लक्षात ठेवतो. कंट्रोल आणि एफ४ दाबलं की ती पुन्हा वाचतो. हे माहीत नसल्यामुळे मी फ्लॉपी खराब आहे असं ठरवून मोकळी झाले होते.

आता चिठ्ठी. विमानाचा खेळ सुरू व्हायचा, कंपनीचं चित्र यायचं, आणि तिथेच थिजायचा. ना निरोप, ना एरर. लोड न होणाऱ्या गेममध्ये हा प्रकार सगळ्यात वाईट, कारण धरायला काहीच नसतं. २२०-५-१ हे साउंड कार्डाचे आकडे आहेत एवढं मला आठवत होतं. दादा ते मंत्रासारखं म्हणायचा. म्हणून खेळाच्या सेटअपमध्ये जाऊन तेच भरले. पुन्हा थिजला. आवाज बंद करून पाहिला, तर सुरळीत सुरू! म्हणजे दुखणं आवाजातच. मग डॉसबॉक्सची सेटिंगची फाइल उघडली आणि साउंड ब्लास्टरचा भाग वाचला: पत्ता २२०, आयआरक्यू (कार्ड ज्या नंबरावरून प्रोसेसरला हाक मारतं तो) ७, डीएमए (मेमरीतून आवाज कार्डाकडे नेणारी वाट) १. मधला आकडा सात. खेळ पाच नंबरच्या दारात उभा राहून कार्डाच्या हाकेची वाट बघत होता आणि कार्ड हाक मारत होतं सातमधून. चिठ्ठी खरी होती, फक्त दादाच्या मशीनपुरती. पाचाचे सात केले आणि इंजिनाची ती घरघर पंचवीस वर्षांनी ऐकू आली. दुपारचे चार वाजले होते, वरणभात गार झाला होता.

‘कोडं’ मात्र बाकी सगळ्यांपेक्षा वेगळं निघालं. चालवलं की एकच ओळ: ‘पॅक्ड फाइल इज करप्ट’. कुणालाही वाटेल की फ्लॉपी गेली. मी तीनदा नव्याने कॉपी केली, तेच. खरं कारण वाचलं तेव्हा एकटीच हसत बसले: मेमरी कमी पडत नव्हती, जास्त मोकळी होती! त्या काळी फ्लॉपीवर जागा वाचवायला प्रोग्रॅमच्या फाइली आवळून ठेवत आणि चालवताना त्या स्वतःच उलगडत. उलगडण्याचा तो भाग असं धरून चालायचा की मेमरीचे पहिले ६४ केबी डॉसनेच अडवलेले असणार, आपण त्याच्या वर आहोत. डॉसबॉक्सचं डॉस फार जागा खात नाही, त्यामुळे प्रोग्रॅम खाली जाऊन बसतो आणि उलगडताना त्याचं गणित चुकतं. उपाय डॉसबॉक्समध्येच आहे: गेमच्या नावाआधी ‘लोडफिक्स’ लिहायचं. ती आज्ञा खालचे ६४ केबी उगीचच अडवून ठेवते. रिकाम्या एसटीत रुमाल टाकून सीट धरावी तसं. कोडं पहिल्या झटक्यात उघडलं. ‘करप्ट’ शब्द दिसला म्हणून फाइल फेकून देऊ नका, एवढं या एका अनुभवावरून नक्की सांगते.

वेगाची भानगड किरकोळ आहे. सापाचा खेळ इतका सुसाट सुटला की मी बोट ठेवायच्या आत साप भिंतीवर. कंट्रोल-एफ११ ने मशीन मंद होतं, कंट्रोल-एफ१२ ने जलद. किती ते खिडकीच्या वरच्या पट्टीत ‘सायकल्स’ म्हणून दिसतं. लॅपटॉपवर बरोबर एफएनची कळही दाबावी लागते. खिडकीत अडकलेला माउस कंट्रोल-एफ१० ने सुटतो. हे कागदावर लिहून स्क्रीनच्या कडेला चिकटवा.

चित्राबद्दल तक्रार आहे, अर्थात मूळ मांडणीबद्दल. आजच्या स्क्रीनवर खिडकी पोस्टाच्या तिकिटाएवढी दिसते, आणि मोठी करायची तर सेटिंगच्या फाइलीत ‘आउटपुट’ बदलावा लागतो. नुसते खिडकीचे आकडे बदलून काही होत नाही. शिवाय ‘ॲस्पेक्ट’ (उंची-रुंदीचं प्रमाण राखणारी सेटिंग) चालू केल्याशिवाय प्रिन्स बुटका दिसतो. ३२०×२०० चं चित्र तेव्हाच्या चौकोनी मॉनिटरवर उभं ताणलं जायचं, हे आपण विसरलेलो असतो. पाचव्या महिन्यात मी डॉसबॉक्स स्टेजिंगवर गेले. ही त्याच घराण्यातली वेगळी झालेली शाखा. चित्राचं सगळं तिथे न सांगता नीट होतं. आज सुरुवात करणाऱ्याने सरळ तीच घ्यावी असं माझं मत. मूळ डॉसबॉक्सवर धडपडल्यामुळे मला सेटिंगची फाइल वाचता यायला लागली, एवढाच त्या पाच महिन्यांचा नफा.

अपेक्षा कुठे ठेवायची नाही तेही सांगते. माझ्या यादीत रोड रॅश होता. तो चालवला तर ‘धिस प्रोग्रॅम कॅनॉट बी रन इन डॉस मोड’. बरोबरच आहे, पीसीवरचा रोड रॅश विंडोजचा खेळ, डॉसचा नव्हे. काका विचारत होते की त्यांच्या दुकानाचा फॉक्सप्रो या डेटाबेस प्रोग्रॅममधला जुना हिशेब यावर चालवता येईल का. सुरू होईलही, पण मूळ डॉसबॉक्स खेळांसाठी बनवलेला आहे, त्यात प्रिंटरची सोय नाही. लोकांची उधारी त्याच्या भरवशावर ठेवायला मी नाही म्हणाले.

ज्यांच्याकडे फ्लॉप्या नाहीत त्यांच्यासाठी: जीओजी या वेबसाइटवर जुने खेळ विकत मिळतात, आणि डॉसच्या बऱ्याच खेळांबरोबर डॉसबॉक्स आधीच जुळवून दिलेला असतो. मी सेलमध्ये एक घेतला, तो क्लिक करताच चालला. मग त्याच्या फोल्डरमधली सेटिंगची फाइल उघडून जाणत्या लोकांनी काय काय बदललंय ते पाहिलं. शिकायला याहून चांगली जागा मला सापडली नाही.

प्रिन्स आता रोज थोडा खेळते. त्यात सुरुवातीलाच बाटल्यांची खोली येते. पुस्तिकेतल्या अमुक पानावरच्या अमुक शब्दाचं अक्षर असलेली बाटली प्यायची, चुकलात तर जीव कमी होतो. पुस्तिका आमच्याकडे तेव्हाही नव्हती. लहानपणी आम्ही चौघं अंदाजाने प्यायचो, आताही तेच करते. १९८९ चा खेळ, साठ मिनिटांची मुदत, आणि तो पळणारा माणूस अजूनही आजच्या कित्येक खेळांतल्या माणसांपेक्षा माणसासारखा पळतो.

तीन फ्लॉप्या वाचल्याच नाहीत. त्यांना डॉसबॉक्स काय करणार? चिठ्ठीचा फोटो दादाला पाठवला आणि लिहिलं, मधला आकडा सात आहे. लगेच फोन आला. “अगं, सातावर प्रिंटर होता आपला! म्हणून तर पाच केलं होतं.” मग दोन मिनिटं घरची चौकशी, आणि शेवटी हळूच, “ते विमान पाठवतेस का मला?”